बारा हातांचं मूळ गाव

‘दो आँखें बारह हाथ’ म्हटलं की शांताराम आठवतात, संध्या आठवते, वसंत देसाईंचं संगीत आठवतं. १९५७चा हा चित्रपट पुढच्या वर्षी बर्लिनच्या महोत्सवातून रौप्य अस्वल घेऊन आला. पण श्रेयनामावलीत कथा-पटकथेपुढे ग. दि. माडगूळकरांचं नाव आहे आणि ते आपण फार पटकन ओलांडतो. गीतरामायणाने त्यांच्यातला कवी घराघरांत पोचला. पटकथाकार मात्र मागे राहिला. हा अन्याय आहे असं मला वाटतं, कारण ही कथा सुचायला त्या मातीतलाच माणूस हवा होता.

ती माती आटपाडी तालुक्याची. गदिमांचा जन्म १ ऑक्टोबर १९१९चा, शेटफळ्याचा, घराणं माडगूळचं. आज हा मुलूख सांगली जिल्ह्यात आहे, तेव्हा औंध संस्थानात होता. दुष्काळी माळ, बाजरी, मेंढरं. धाकट्या भावाची, व्यंकटेश माडगूळकरांची ‘बनगरवाडी’ ही कादंबरी याच मुलखातली. औंधचे राजे भवानराव पंतप्रतिनिधी सूर्यनमस्कारांचा प्रसार करणारे, चित्रकार आणि विलक्षण धाडसी. १९३९ साली त्यांनी राज्यकारभार प्रजेच्या हाती दिला. त्या घटनेमागे गांधीजींचा सल्ला होता, राजपुत्र अप्पासाहेब पंतांचा उत्साह होता आणि मॉरिस फ्रीडमन नावाचा एक पोलिश इंजिनियर होता. बंगळूरची कारखान्यातली नोकरी सोडून तो इथल्या खेड्यांत रमला आणि भारतानंद झाला. पुढे निसर्गदत्त महाराजांची मराठी निरूपणं इंग्रजीत नेली तीही त्यानेच.

याच मंडळींच्या प्रयत्नांतून आटपाडीजवळ स्वतंत्रपूर उभं राहिलं. भिंत नसलेला तुरुंग. जन्मठेपेच्या कैद्यांनी शेती करायची आणि बायकामुलांसह राहायचं. कैदी पळून का जात नाहीत, याचं उत्तर त्या घरांत आणि उभ्या पिकांत होतं.

गदिमा तेव्हा विशीत होते. गणिताने मॅट्रिक अडवलेली, घरात दारिद्र्य. पोटासाठी ते कोल्हापूरला मास्टर विनायकांच्या चित्रसंस्थेत शिरले आणि वि. स. खांडेकरांचे लेखनिक झाले. दुसऱ्याचं बोलणं कागदावर उतरवता उतरवता पटकथेची चाल हाताला लागली असणार. १९४७च्या ‘लोकशाहीर रामजोशी’पासून त्यांची लेखणी सुटली. मग राजा परांजप्यांसोबत ‘पुढचं पाऊल’, ‘लाखाची गोष्ट’, ‘पेडगावचे शहाणे’.

‘दो आँखें बारह हाथ’मधून स्वतंत्रपूरची गोष्ट पडद्यावर आणताना गदिमांनी मोठा बदल केला. कैद्यांचे संसार बाजूला ठेवून सहा खुनी आणि एक जेलर, आदिनाथ, एवढेच उजाड माळावर आणून सोडले. मूळ प्रयोगात माणसाला धरून ठेवणारं घर होतं. चित्रपटात त्या जागी जेलरचे दोन डोळे आले. त्यामुळे गोष्ट थोडी बोधकथेकडे झुकली, हे मान्य. पण शब्द मोडायची मुभा असताना तो पाळणारा कैदी पडद्यावर दिसायचा, तर अशीच एक नजर लागत होती. अमूर्त विश्वासाला प्रेक्षक ओळखतील असा चेहरा देणं, ही पटकथाकाराची कमाई आहे. खेळणी विकणारी चंपाही त्यासाठीच आली. त्या रखरखीत माळावर तिच्यामुळे हसू येतं.

चित्रपटाची गाणी भरत व्यासांची. गदिमांसारखा गीतकार हाताशी असताना इथे त्यांच्याकडून घेतली ती फक्त गोष्ट. शांतारामांनी १९५९च्या ‘नवरंग’च्या लेखनासाठीही गदिमांनाच बोलावलं.

औंध संस्थान १९४८ साली विलीन झालं. स्वतंत्रपूरची वसाहत मात्र राज्याच्या कारागृह विभागाकडे गेली आणि कैद्यांची शेती चालू राहिली.