खूणगाठ

रॉबर्ट जॉर्डनच्या 'द व्हील ऑफ टाइम' या फॅन्टसी मालिकेत 'आएस सेडाई' नावाचा जादूगार स्त्रियांचा एक संघ आहे. डोळ्यांना न दिसणारे शक्तीचे धागे त्या एकमेकांत विणतात आणि त्या विणीतून आग पेटते, जखम भरून येते. पहिली कादंबरी १९९० साली आली, २०२१पासून वेबसिरीजही आली. वाचताना वाटतं, काय भन्नाट कल्पना आहे! पण धाग्यांतून शक्ती चालवणारी माणसं इतिहासातही होऊन गेली. त्यांच्याकडे जादू नव्हती. तरीही जादूटोण्याचा संशय त्यांना भोवलाच.

ही माणसं दक्षिण अमेरिकेतल्या इंका साम्राज्याची. अँडीज पर्वतरांगांवर पसरलेल्या या अवाढव्य राज्याकडे आपल्यासारखी कागदावरची लिपी नव्हती. तरी शिरगणती व्हायची, कर ठरायचा, कोठारांचा हिशेब लागायचा. हे सगळं चालायचं दोऱ्यांवर. त्या दोऱ्यांना म्हणायचे 'किपू'. केचुआ भाषेत किपू म्हणजे गाठ. आणि किपू सांभाळणारा तो 'किपुकामायोक'.

किपूची रचना समजायला सोपी आहे. एक जाड आडवा दोर आणि त्याला लोंबणारे सुती किंवा लोकरीचे दोरे. गाठ कोणत्या उंचीवर आहे, त्यावरून तिची किंमत ठरते. सगळ्यांत खाली एकक, त्याच्या वर दशक, त्याच्या वर शतक. समजा २०४ लिहायचे आहेत. वर शतकाच्या जागी दोन गाठी, दशकाची जागा मोकळी, खाली चार वेढ्यांची एक लांब गाठ. ती मोकळी जागा म्हणजे शून्य. लेलंड लॉक या अमेरिकी अभ्यासकाने १९१२मध्ये ही दशमान पद्धत उलगडून दाखवली.

स्पॅनिश फौज १५३२ साली इथे आली. दुसऱ्याच वर्षी हर्नांदो पिसारोने एका पत्रात एक गंमत नोंदवली आहे. स्पॅनिश लोकांना कोठारांतून जळण, मका, लामा असं काही दिलं, की तिथला हिशेबनीस दोऱ्यावरच्या एका भागातल्या गाठी सोडायचा आणि दुसऱ्या भागात बांधायचा. साम्राज्य कोसळत होतं, पण जमाखर्च चुकत नव्हता!

या गाठींना स्पॅनिश न्यायालयातही किंमत होती. हाउहा खोऱ्यातल्या हुआंका लोकांनी इंकांच्या विरोधात स्पॅनिशांना साथ दिली होती. १५६१मध्ये त्यांच्या प्रमुखांनी लिमाच्या न्यायालयात आपण पुरवलेल्या माणसांची, धान्याची, जनावरांची जंत्री मांडली. आधार होता किपूंचा. कारकुनांनी ती स्पॅनिशमध्ये उतरवून घेतली.

आणि मग १५८३. लिमाच्या तिसऱ्या धर्मपरिषदेने ठरवलं, की जुन्या 'अंधश्रद्धा' आणि विधी जपणारे किपू लोकांकडून काढून घ्यावेत. गंमत म्हणजे त्याच काळात बाप्तिस्मा घेतलेले लोक आपली पापं किपूवर बांधून पाद्र्यापुढे कबुलीजबाबाला जात होते. होसे दे आकोस्ता या धर्मगुरूने १५९०च्या पुस्तकात अशा एका बाईबद्दल लिहिलं आहे. म्हणजे कोर्टातली गाठ पुरावा, चर्चमधली गाठ पुण्य आणि पूर्वजांची गाठ सैतानी. कुठली गाठ कसली, हे ठरवायचा अधिकार मात्र गाठी न वाचता येणाऱ्यांकडे होता.

इंका राज्यच गेल्यावर नवे किपुकामायोक घडवणारी व्यवस्थाही विरत गेली. आज जगभरात उरलेत साधारण हजारभर किपू, बहुतेक संग्रहालयांत. आकड्यांचे किपू वाचता येतात. पण काहींच्या गाठी आकड्यांच्या नियमात बसतच नाहीत. त्यांत नावं आहेत, गोष्टी आहेत की आणखी काही, यावर अजून काम चालू आहे.

पेरूमधल्या सान हुआन दे कोलाता या गावाने दोन किपू पिढ्यान् पिढ्या लाकडी पेटीत जपून ठेवले होते. गावकरी सांगतात, ही लढाईच्या काळातली पत्रं आहेत. सबीन हायलंड या मानववंशशास्त्रज्ञ बाईंनी २०१७मध्ये त्यांचा अभ्यास प्रसिद्ध केला. रंग, लोकर आणि पिळाची दिशा धरून त्यांना ९५ वेगवेगळी चिन्हं मोजता आली. लोकर आणि केस सहा प्राण्यांचे. कुठला दोरा कुठल्या प्राण्याचा, हे नुसतं बघून कळत नाही, बोटांनी चाचपावं लागतं. काचेच्या कपाटाबाहेर उभं राहून हे पत्र वाचता येणार नाही.

आपल्याकडे लक्षात ठेवायचं असलं की आपण मनाशी खूणगाठ बांधतो. शब्द एकच, पण त्यात गोष्टी दोन आहेत, खूण आणि गाठ. कोलाताच्या लोकांनी गाठ सांभाळली. खूण अजून पुरती पटायची आहे.