मिलिंद म्हणजे फक्त भुंगा?

बाळांच्या नावांच्या पुस्तकांत ‘मिलिंद’चा अर्थ ‘भुंगा’ असा देतात. संस्कृत शब्द म्हणून तो बरोबरच आहे. पण आपल्या वस्त्यांत हे नाव भुंग्यावरून आलेले नाही. इसवी सनापूर्वी दुसऱ्या शतकातला ग्रीक राजा मिनँडर पालीत ‘मिलिंद’ झाला. ‘मिलिंदपञ्ह’ या ग्रंथात तो भिक्खू नागसेनांना प्रश्नामागून प्रश्न विचारतो. औरंगाबादच्या महाविद्यालयाला बाबासाहेबांनी याच राजाचे नाव दिले.

शूद्राचे नाव निंदादर्शक असावे, असे मनुस्मृती सांगते. १९५६च्या धम्मदीक्षेनंतर आपण बुद्धाच्या परंपरेतली नावे निवडली. त्यांचा इतिहास पुसून उरलेला अर्थ आपण का स्वीकारावा? लेकराचे नाव ठेवताना अर्थाबरोबर ते आले कुठून, हेही तपासूया आणि त्याला सांगूया.

जय भीम!