इरावती कर्वे : बर्लिनमधील संशोधन (१९२८–१९३०)

मानवशास्त्रज्ञ व लेखिका इरावती कर्वे (१९०५–१९७०) यांनी दोन महायुद्धांच्या मधल्या काळातील जर्मनीत डॉक्टरेटसाठी केलेले संशोधन. मुंबई विद्यापीठात गो. स. घुर्ये यांच्या मार्गदर्शनाखाली चित्पावन ब्राह्मणांवर प्रबंध लिहून त्या एम.ए. झाल्या आणि १९२८ मध्ये बर्लिनला गेल्या. सासरे धोंडो केशव कर्वे यांचा या बेताला विरोध होता. जर्मनीत रसायनशास्त्र शिकून आलेले पती दिनकर मात्र पाठीशी उभे राहिले. पैशांची सोय काँग्रेसचे नेते जीवराज मेहता यांनी दिलेल्या कर्जातून झाली.

वायमार प्रजासत्ताकाचे बर्लिन तेव्हा नाटक, चित्रपट आणि मोकळ्या राहणीसाठी गाजत होते. त्याच शहराच्या डालेम भागात १९२७ मध्ये मानवशास्त्र, आनुवंशिकता व सुप्रजननशास्त्र यांची कैसर विल्हेल्म संस्था उघडली होती. नाझी सत्तेवर यायला अजून अवकाश होता, पण वंशश्रेष्ठत्वाला शास्त्राचा आधार देण्याचे काम तेथे प्रतिष्ठित प्राध्यापकच करत होते. इरावतीबाईंचे मार्गदर्शक ऑयगेन फिशर हे या संस्थेचे संचालक.

फिशर यांचे गृहीतक असे होते की, गोऱ्या युरोपीयांच्या मेंदूचा उजवा पुढचा भाग मोठा, त्यामुळे त्यांची कवटी दोन्ही बाजूंना सारखी नसते आणि हा फरक अधिक बुद्धीची खूण आहे. ते पडताळण्यासाठी इरावतीबाईंनी १४९ कवट्या मोजल्या. त्यांतल्या काही जर्मन वसाहतींतून बर्लिनला नेऊन ठेवलेल्या मानवी अवशेषांपैकी होत्या. ते कोणाचे, याची पर्वा नेणाऱ्यांना नव्हती. प्रत्येक कवटीची डावी-उजवी बाजू ताडून पाहिल्यावर निष्कर्ष निघाला तो असा: कमी-अधिक असमानता सगळ्याच मानवसमूहांत आढळते, वंशाशी तिचा संबंध नाही. विशी ओलांडलेल्या, परक्या देशातून आलेल्या विद्यार्थिनीने परीक्षकाच्याच गृहीतकाविरुद्ध हे लेखी मांडावे, ही साधी गोष्ट नव्हे. १९३० मध्ये त्यांना डॉक्टरेट मिळाली.

फिशर १९३३ मध्ये बर्लिन विद्यापीठाचे कुलगुरू झाले आणि पुढे सक्तीच्या नसबंदीच्या नाझी यंत्रणेत सामील झाले. इरावतीबाईंनी वंशाची उतरंड नाकारली, पण मोजमापाची पद्धत सोडली नाही. महाराष्ट्रातील जातींच्या शारीरिक मोजणीत ती त्यांनी कित्येक वर्षे वापरली. त्यांच्या कामाचे मूल्यमापन करताना हा वारसाही तपासला पाहिजे. मराठी वाचक त्यांना महाभारतावरील ‘युगान्त’ या पुस्तकामुळे ओळखतो, बर्लिनच्या प्रबंधाला त्यांच्या चरित्रात तेवढेच मानाचे स्थान मिळायला हवे.