सामाईक अवयव काढणे

बैजिक राशीच्या प्रत्येक पदाला भाग जाणारा मोठ्यात मोठा अवयव, म्हणजे पदांचा मसावि (महत्तम सामाईक विभाजक), कंसाबाहेर घेऊन राशी गुणाकाराच्या रूपात मांडण्याची रीत. अवयव पाडण्याच्या इतर रीतींकडे वळण्याआधी ही करून पाहावी. तिचा आधार वितरणाचा नियम : अ(ब + क) = अब + अक. कंस सोडवताना तो डावीकडून उजवीकडे वाचतात, इथे उलटा वाचायचा. ३७ × ६४ + ३७ × ३६ याचे उत्तर तोंडी ३,७०० सांगणारा दुकानदार हेच करतो.

सहगुणकांचा मसावि नेहमीप्रमाणे काढतात. अक्षर सर्व पदांत असेल तरच घेतात, तेही लहानात लहान घातांकासह. उदा.,

१२क्ष³य² − १८क्ष²य³ + ६क्ष²य² = ६क्ष²य²(२क्ष − ३य + १)

हमखास गळतो तो शेवटचा १. पद सगळेच बाहेर गेले, मग आत काय उरणार, असे वाटते. पण पदाला त्याच पदाने भागले की १ येतो, शून्य नव्हे. कंसातली पदे मूळ राशीतल्या पदांइतकीच हवीत, एवढे मोजले तरी चूक सापडते. केवळ ६क्ष² बाहेर काढले तर मांडणी चुकीची नसते, अपुरी असते.

सामाईक अवयव एकपदीच असतो असे नाही. अब + ३अ + २ब + ६ यात चारही पदांना सामाईक काही नाही. जोड्या केल्यावर मात्र अ(ब + ३) + २(ब + ३) मिळते आणि अख्खा कंसच बाहेर येतो : (ब + ३)(अ + २).

समीकरणात या रीतीची खरी किंमत कळते. क्ष² = ५क्ष याला घाईने क्ष ने भागले तर ५ हे एकच उत्तर हाती लागते; क्ष(क्ष − ५) = ० असे मांडले तर ० हे दुसरेही मिळते.

संख्यांचा मसावि भागाकाराने काढण्याची रीत युक्लिडच्या ‘एलिमेंट्स’च्या सातव्या खंडात आहे, सिमॉन स्टेव्हिनने १५८५ मध्ये ती बहुपदींना लावली. भास्कराचार्य (जन्म १११४) कुट्टकाच्या गणितात (भाज्य × क्ष + क्षेप = हार × य याची पूर्णांकी उत्तरे काढताना) भाज्य, हार आणि क्षेप यांना आधी सामाईक विभाजकाने भागून घ्यायला सांगतात. या क्रियेचे नाव अपवर्तन. भाज्य आणि हार यांचा सामाईक विभाजक क्षेपाला भागत नसेल, तर ते प्रश्नच सदोष ठरवतात.