रॉबिनने कंपनी सोडली तेव्हा

आज आम्ही लांबच्या मुलखातली हकिगत सांगणार आहोत. स्वीडन देशातल्या स्टॉकहोम शहरात १९७९ साली रॉबिन नावाची गायिका जन्मली. आईवडील नाटकवाले. सोळाव्या वर्षी तिचा पहिला अल्बम निघाला आणि १९९७ साली तिची दोन गाणी अमेरिकेत पहिल्या दहांत पोचली. पोरगी दमून गेली ती वेगळीच.

अशा धंद्यात रेकॉर्डिंगचा, जाहिरातीचा पैसा कंपनी घालते. म्हणून रेकॉर्डिंगवर मालकी कंपनीची, आणि कोणतं गाणं बाजारात जायचं तेही तीच ठरवते. आपण लाटलेल्या पापडावर व्यापारी स्वतःचं लेबल लावतो ना, त्यातलाच प्रकार.

१९९९ साली तिचा दुसरा अल्बम आला. त्यातली दोन गाणी तिच्या स्वतःच्या गर्भपाताबद्दल होती. अमेरिकेतली कंपनी म्हणाली, अल्बममध्ये बदल कर. रॉबिनने नकार दिला. अल्बम अमेरिकेत निघालाच नाही! तेव्हा ती जेमतेम वीस वर्षांची. ज्या दुःखाबद्दल बाई घरातसुद्धा बोलत नाही, ते गाण्यातून काढणार नाही म्हणाली. आम्हाला विचाराल तर तिचं खरं धाडस हे. कंपनी सोडणं त्यानंतरचं.

पुढे तिने ‘द नाइफ’ या बहीणभावाच्या जोडीबरोबर एक गाणं केलं. ही दोघं आपली छोटी कंपनी स्वतःच चालवायची. ते गाणं रॉबिनच्या कंपनीला पसंत पडलं नाही. मग तिने पैसे भरून करारातून सुटका करून घेतली आणि २००५ साली ‘कोनिचिवा रेकॉर्ड्स’ ही स्वतःची कंपनी काढली. त्याच वर्षी कंपनीचा पहिला अल्बम आला. नापसंत ठरलेलं ते गाणं त्यात होतं, आणि अल्बम स्वीडनमध्ये पहिल्या नंबरावर गेला.

बाहेरच्या देशांत मात्र वेळ लागला. ब्रिटनमध्ये तिचं गाणं पहिल्या नंबरावर आलं ते २००७ साली. तिथल्या विक्रीसाठी तिने पुन्हा मोठ्या कंपन्यांशी करार केले. ती काही बाजाराशी भांडून घरी बसली नव्हती. माल पोचवायचं काम त्यांचं, गाणं कसं असावं हा निर्णय तिचा.

२०१० साली तिने एकाच वर्षात तीन अल्बम काढले. त्यानंतरचा तिचा एकटीचा अल्बम आला थेट २०१८ साली.