किल्ली कर्नलकडे, भरवसा चिपवर

कायझर्सलाउटर्नचं नाव तुम्ही ऐकलं असेल ते फुटबॉलमुळे, नाहीतर शेजारच्या रामस्टाइनच्या अमेरिकी हवाई तळामुळे. जर्मनीतल्या या गावाच्या विद्यापीठात एक मोलाचं काम झालं, पण ते कळायला थोडं मागे जावं लागेल.

तुमच्या लॅपटॉपवर लिनक्स असलं, तर डिस्कवरची माहिती कुलूपबंद करण्याचं काम कर्नल करतो. २००० च्या सुमारास प्रोसेसरला हे काम जड जाई. ओपनबीएसडीने त्यासाठी खास कार्डं वापरायची सोय केली. प्रकल्प कॅनडातून चालत असल्याने अमेरिकेचे निर्यातनिर्बंध त्याला आडवे आले नाहीत. लिनक्सच्या कर्नलमध्ये सांकेतिक पद्धतींची व्यवस्था २००२ मध्ये शिरली.

२००५ मध्ये डॅनियल बर्नस्टाइन यांनी दाखवलं, की एईएस ही सांकेतिक पद्धत तक्ते वाचून चालवली, तर लागणाऱ्या वेळेवरून किल्ली ओळखता येते. तक्त्याचा कुठला भाग कॅशमध्ये आहे, त्यावर तो वेळ ठरतो. २०१० मध्ये इंटेलने एईएसच्या सूचना थेट प्रोसेसरमध्ये आणल्या. जाहिरात वेगाची झाली. माझ्या मते खरी कमाई तक्ते गेले ही.

पण चिपवर विश्वास कितपत ठेवायचा? स्नोडेन प्रकरणानंतर, २०१३ मध्ये, फ्रीबीएसडीने ठरवलं की इंटेलच्या चिपने दिलेले यादृच्छिक आकडे तसेच वापरायचे नाहीत, इतर स्रोतांत मिसळूनच घ्यायचे. मला हा शहाणपणा वाटतो. घरी आलेलं दूधसुद्धा आपण तापवूनच घेतो.

जानेवारी २०१८ मध्ये मेल्टडाउन उघड झालं. साधा प्रोग्रॅम कर्नलची स्मृती वाचू शकत होता, आणि किल्ल्या तिथेच असतात. चोरवाट पुन्हा कॅशचीच! लिनक्सने स्मृतीचे नकाशे वेगळे करून भोक बुजवलं, त्यात वेग थोडा गेला.

इथे कायझर्सलाउटर्न येतं. वोल्फगांग कुन्झ आणि डोमिनिक श्टोफेल यांच्या गटाने स्टॅनफर्डच्या संशोधकांबरोबर एक तपासणी शोधली. एकाच प्रोसेसरच्या दोन प्रती घ्यायच्या, फरक फक्त दडवलेल्या माहितीचा. प्रोग्रॅमला दिसणारं काही, अगदी वेळसुद्धा, दोघांत कधीच वेगळं होत नाही, हे गणिताने सिद्ध करायचं. सिद्ध झालं नाही, तर गळती कुठे आहे ते समजतं, तेही चिप बनण्याआधी.

बर्कलीच्या रॉकेट या साध्या, खुल्या आराखड्यावर त्यांनी ही पद्धत चालवली. आराखड्यातल्या किरकोळ बदलानेही नवी चोरवाट उघडते, असं निघालं. तिला त्यांनी ‘ऑर्क’ नाव दिलं. २०१९ मध्ये ते सगळं छापून आलं. मेल्टडाउनचा दोष गुंतागुंतीच्या, वेगवान प्रोसेसरांचाच, हा समज त्यामुळे ढासळला.

रॉकेटचा आराखडा कुणालाही उघडून बघता येतो. इंटेलच्या चिपचा येत नाही. त्यावर चालणारा लिनक्स मात्र ओळ न् ओळ वाचता येतो.