बाटलीपुरता कायदा

१९५८ च्या एप्रिल-मे महिन्यांत केरळ आणि तेव्हाच्या मद्रास राज्यात शंभरावर माणसे विषबाधेने दगावली. शेतीसाठी आयात केलेले पॅराथिऑन वाहतुकीत खाण्याच्या मालात मिसळले होते. चौकशी मुंबई उच्च न्यायालयाचे न्या. जे. सी. शहा यांच्याकडे सोपवली गेली. आणीबाणीच्या चौकशीमुळे पुढे घरोघरी माहीत झालेले शहा ते हेच. भारतातील कीटकनाशकांच्या नियमनाची सुरुवात या घटनेपासून होते, आणि माझ्या मते त्यातला दोषही तिथूनच येतो. मेलेली माणसे जेवायला बसलेली होती, फवारायला गेलेली नव्हती. त्यामुळे विष अन्नापासून लांब कसे ठेवायचे हाच प्रश्न धोरणकर्त्यांच्या डोक्यात पक्का बसला. नोंदणी, परवाना, लेबल, साठवण, वाहतूक या सगळ्यांचा त्यात विचार झाला. दहा वर्षांनी, १९६८ मध्ये, कीटकनाशक कायदा संमत झाला आणि १९७१ मध्ये लागू झाला. बाटली दुकानातून बाहेर पडेपर्यंत तो तिच्यावर बारीक नजर ठेवतो. पुढे ती कोणाच्या पाठीवरच्या पंपात रिकामी होते, याकडे त्याचे फारसे लक्ष नाही.

हा आरोप हवेतला नाही, कायद्याच्या ३८ व्या कलमात त्याचा पुरावा आहे. घरगुती वापर, परसबाग आणि स्वतः कसत असलेली जमीन यांवरील वापराला हा कायदा लागूच होत नाही, असे ते कलम सांगते. कायद्याखालच्या १९७१ च्या नियमांत मात्र विषाशी संबंध येणाऱ्या कामगारांची वैद्यकीय तपासणी, संरक्षक कपडे आणि प्रशिक्षण यांची तजवीज आहे, आणि त्यात फवारणीचाही उल्लेख आहे. म्हणजे कारखान्यात किंवा फवारणीच्या ठेक्यावर काम करणाऱ्याला कागदावर तरी संरक्षण आहे. पण विदर्भात कपाशीवर फवारणी होते ती बहुतेक मालकाच्या स्वतःच्या शेतात, आणि पंप असतो रोजाने लावलेल्या भूमिहीन मजुराच्या पाठीवर. मालकाला दिलेली सूट अशी मजुराच्या अंगावर येते. यावर सरळ उत्तर असे दिले जाते की ही सूट शेतकऱ्याच्या हिताची आहे. ती नसती तर प्रत्येक बांधावर इन्स्पेक्टर उभा राहिला असता आणि चिरीमिरीला आणखी एक कुरण मिळाले असते. या म्हणण्यात तथ्य आहे. कोट्यवधी लहान खातेदारांच्या देशात शेतातल्या वापरावर खटले भरणे शहाणपणाचे नव्हते. पण शेतकऱ्यावर खटला न भरणे आणि मजुराच्या सुरक्षेची जबाबदारी कोणावरच न टाकणे, या दोन गोष्टी एक नव्हेत. पहिलीच्या आडून ती जबाबदारीच निसटली, आणि पन्नास वर्षांत ती परत आणण्याची निकड कोणाला वाटली नाही.

निकड कशाने वाटते याचा पुरावा इतिहासात आहे. २००३ च्या ऑगस्टमध्ये शीतपेयांत कीटकनाशकांचे अंश सापडल्याचे दिल्लीच्या सेंटर फॉर सायन्स अँड एन्व्हायर्न्मेंट या संस्थेने जाहीर केले. त्याच महिन्यात संयुक्त संसदीय समिती नेमली गेली. बोफोर्स आणि शेअरबाजाराच्या दोन घोटाळ्यांनंतरची ही चौथी अशी समिती. अध्यक्ष शरद पवार. २००४ च्या फेब्रुवारीत तिचा अहवाल आलाही. द्राक्षांची गोष्ट तर याहून बोलकी आहे. युरोपात माल अडू लागल्यावर २००६ पासून अपेडा या केंद्राच्या कृषी-निर्यात संस्थेने ग्रेपनेट ही यंत्रणा उभी केली. नाशिक-सांगलीकडच्या निर्यातदार बागांची प्लॉटवार नोंदणी, काढणीपूर्वी नमुने, प्रयोगशाळेत अंशांची तपासणी आणि पुण्याजवळच्या मांजरी येथील द्राक्ष संशोधन केंद्राची देखरेख, असे सगळे आले. २०१० मध्ये क्लोरमेक्वाटमुळे कंटेनर अडले, तेव्हा तेही रसायन तपासणीत आले. ज्या राज्यात हे जमते, तिथे यंत्रणा नाही असे कोणी म्हणू नये. द्राक्षाला ते नाकारू शकणारे गिऱ्हाईक आहे. कापूस कोणी खात नाही. घेणारा धाग्याची लांबी आणि ओलावा बघतो. त्यामुळे कपाशीवरच्या विषाचा हिशेब मागायला फवारणाऱ्याच्या शरीराशिवाय कोणी उरत नाही.

तो हिशेब २०१७ मध्ये यवतमाळात समोर आला. पावसाळ्याच्या उत्तरार्धात जिल्ह्यात वीसहून अधिक शेतकरी व मजूर फवारणीतल्या विषबाधेने मेले, शेकडो रुग्णालयात पोचले. गुलाबी बोंडअळी बीटी वाणांना दाद देत नव्हती, कपाशी माणसाच्या उंचीला आली होती, आणि फवारा तोंडावरच येत होता. तेव्हा सर्वांत जास्त ऐकू आलेला युक्तिवाद म्हणजे मजुरांनी मास्क आणि हातमोजे घातले नाहीत. घातले नाहीत हे खरेच. पण दमट उकाड्यात, चिखलात, पाठीवर भरलेला पंप घेऊन तो पोशाख दिवसभर घालता येतो असे धरून चालणारी सूचना ही कंपनीची जबाबदारी झटकण्याची सोय आहे. तसा पोशाख घातल्यावरच जे रसायन सुरक्षित ठरते, ते या हवामानात सुरक्षित नाही, एवढाच त्याचा अर्थ निघतो. राज्य सरकारने पाच कीटकनाशकांवर पाच जिल्ह्यांत बंदी घातली, तीही साठ दिवसांची, कारण राज्याच्या हातात कायद्याने तात्पुरती बंदीच आहे. ती आली नोव्हेंबरात. तोवर फवारणीचा हंगाम उरकत आला होता.

कायमची बंदी केंद्राकडे, आणि केंद्रातही ती कृषी मंत्रालयाकडे, म्हणजे ज्याचे मुख्य काम उत्पादन वाढवणे त्याच्याचकडे. परदेशांत बंदी किंवा निर्बंध असलेल्या ६६ रसायनांची छाननी करायला अनुपम वर्मा समिती २०१३ मध्ये नेमली. २०१८ मध्ये त्यांतल्या १८ वर बंदीचा आदेश निघाला. २०२० मध्ये आणखी २७ चा मसुदा आला. २०२३ च्या अंतिम आदेशात त्यांतल्या तीनच रसायनांवर पूर्ण बंदी आली आणि मोनोक्रोटोफॉसचे ३६ टक्क्यांचे द्रावण टप्प्याने बंद करायचे ठरले. उद्योगाचे म्हणणे असे की ही पेटंट संपलेली स्वस्त औषधे आहेत, ती गेली तर शेतकऱ्याला परदेशी कंपन्यांची महाग औषधे घ्यावी लागतील. हा मुद्दा थट्टेवारी नेण्यासारखा नाही. कोरडवाहू शेतकऱ्याच्या खर्चात तो फरक जाणवतो. पण स्वस्ताईची किंमत दुसऱ्याच खात्यावर पडते आहे. याच मोनोक्रोटोफॉसने २०१३ मध्ये बिहारच्या सारण जिल्ह्यात शाळेच्या माध्यान्ह भोजनातून २३ मुले मारली. १९५८ च्या विषबाधेनंतर पंचावन्न वर्षांनी ते विष पुन्हा ताटातच पोचले होते. म्हणजे कायदा ज्या कामासाठी केला, तेही त्याला पुरते साधलेले नाही.

२००८ मध्ये, शरद पवार केंद्रात कृषिमंत्री असताना, त्यांच्याच मंत्रालयाने कीटकनाशकांसाठी नवे विधेयक आणले, ते रखडले. २०२० मध्ये त्याच्या जागी दुसरे राज्यसभेत मांडले गेले. या विधेयकांवरच्या चर्चेत भर राहिला तो नोंदणी, बनावट माल आणि दंडाच्या रकमांवर. फवारणी हे धोक्याचे काम धरून मजुराची नोंद, तपासणी आणि भरपाई यांची सोय करणे अवघड नाही, आणि त्यासाठी शेतकऱ्यावर खटले भरावे लागत नाहीत. भरपाईचा बोजा विक्रीवरच्या उपकरातून उत्पादकांवर टाकता येईल. जुन्या कायद्याच्या २६ व्या कलमाने राज्यांना विषबाधेची प्रत्येक घटना कळवणे बंधनकारक करण्याचा अधिकार पहिल्यापासूनच दिलेला आहे. त्यासाठी नव्या विधेयकाची वाट पाहावी लागत नाही, राजपत्रात एक अधिसूचना पुरते.